तुम्ही विचारलंत म्हणून: माझं काही बिघडलं नसताना जनहित याचिका करता येते का?

येते. तुमचा त्यात स्वतःचा लाभ नाही, हीच तिथे जमेची बाजू. वकील ज्याला ‘लोकस’ म्हणतात, तो दाद मागण्याचा अधिकार पूर्वी सहसा ज्याच्या हक्कावर घाला आला त्यालाच असे. १९८१ मध्ये एस. पी. गुप्ता प्रकरणात न्यायमूर्ती भगवतींनी ही चौकट रुंदावली: गरिबीमुळे किंवा दुर्बलतेमुळे ज्यांना कोर्टाची पायरी चढता येत नाही, त्यांच्यासाठी प्रामाणिक हेतूचा कोणीही दाद मागू शकतो.

प्रामाणिक हेतू म्हणजे काय, हे बोकारो नदीच्या प्रदूषणाच्या याचिकेत दिसतं. १९९१ च्या त्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्वच्छ पाणी हा जगण्याच्या हक्काचा भाग मानला आणि तरीही याचिका फेटाळून ५,००० रुपये खर्च बसवला. याचिकाकर्ता कोळसा-खाणीतून निघणारी स्लरी (कोळशाचा पातळ गाळ) विकत घेणारा होता आणि त्याला ती जास्त हवी होती. मुद्दा खरा होता, पण मागणाऱ्याचा हेतू वेगळा होता.

म्हणून स्वतःचा संबंध लपवू नका. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या नियमांप्रमाणे व्यवसाय, वार्षिक उत्पन्न, पॅन, विषयातलं वैयक्तिक हित आणि त्याच्याशी जोडलेले तुमचे इतर दावे, सगळं लिहून द्यावं लागतं. मुंबई उच्च न्यायालयाचे २०१० चे स्वतंत्र नियम आहेत. ते आधी वाचा. शेजारच्या बांधकामाने तुमचीच भिंत तडकली असेल, तर जनहिताचं नाव न घेता राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात साधी रिट याचिका किंवा दिवाणी दावा करा. बदली-बढतीसारख्या नोकरीच्या बाबतीत जनहित याचिका चालत नाही. निविदा हुकलेल्याच्या वतीने तर मुळीच जाऊ नका. पहिल्याच सुनावणीला प्रतिवादी ते नातं दाखवून देतो.

याचिकेआधी संबंधित कार्यालयाला लेखी निवेदन द्या, आवक शिक्क्याची पोच ठेवा, उत्तराला वाजवी मुदत द्या. माहिती अधिकारात मूळ आदेश आणि नकाशे मिळवा. नुसत्या वर्तमानपत्राच्या कात्रणांवर उभी केलेली याचिका टिकवणं फार कठीण जातं. पत्रकार शीला बारसे यांनी मुंबईच्या तुरुंगातल्या १५ स्त्री कैद्यांना स्वतः भेटून सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिलं. त्यातल्या पाच जणींनी पोलीस कोठडीत मारहाण झाल्याचं सांगितलं होतं. पत्रच याचिका म्हणून दाखल झालं, आणि १९८३ मध्ये स्त्रियांसाठी वेगळ्या कोठड्या व महिला पोलिसांचा पहारा ठेवण्याचे आदेश निघाले. ऐकीव माहितीवर हे घडलं नसतं.

एक गोष्ट आधीच मनाशी पक्की करा: ही याचिका मर्जीनुसार मागे घेता येत नाही. तुरुंगातल्या मुलांच्या प्रकरणात बारसे यांनीच ती परवानगी मागितली, तेव्हा १९८८ मध्ये न्यायालयाने नकार दिला, त्यांचं नाव वगळलं आणि काम विधी साहाय्य समितीकडे सोपवून प्रकरण पुढे चालू ठेवलं.