सहा जण, दोन मुक्काम, एक किनारा: आमची वाटचाल

आमची संस्था सह्याद्रीतल्या पावसाळी छायाचित्रण कार्यशाळांमधून उभी राहिली. धुकं फाटेल तेव्हा कॅमेरा तयार असला पाहिजे आणि फाटलं नाही तर त्या धुक्याचंच चित्र करता आलं पाहिजे, हे काम तिथे अंगवळणी पडलं. परदेशी सहल सुरू करायची ठरली तेव्हा याच स्वभावाचा प्रदेश शोधला: उत्तर ध्रुववृत्तापलीकडची नॉर्वेची लोफोटेन बेटं. तेव्हापासून आम्ही या सहलीत ठिकाणं वाढवली नाहीत, माणसं वाढवली नाहीत. उलट दोन्ही कमी करत आलो. ते का, हे सांगण्यासाठी हे लिखाण.

लोफोटेन साधारण ६७ ते ६८ अंश उत्तर अक्षांशांवर आहे. समुद्रातून सरळ वर गेलेले कडे, त्यांच्या पायथ्याशी पांढऱ्या वाळूचे किनारे आणि मच्छीमारांची लाल लाकडी घरं, ज्यांना तिथे रोर्बू म्हणतात. हे सगळं ई-१० या एकाच रस्त्याच्या आजूबाजूला मिळतं आणि तो रस्ता ‘ऑ’ नावाच्या गावात संपतो. अटलांटिकच्या उबदार प्रवाहामुळे किनाऱ्यावर हिवाळ्याचं सरासरी तापमान शून्याच्या आसपास राहतं. चौकशी करणारे बहुतेक जण थंडीबद्दल विचारतात, पण खरा त्रास वाऱ्याचा आणि ओलीचा. दिवसा बर्फ वितळतं, रात्री तेच पाणी रस्त्यावर काचेसारखं गोठतं. जाड जाकिटापेक्षा वारा आणि पाणी अडवणारा बाहेरचा थर आणि बुटांखाली चढवायचे खिळे तिथे जास्त कामाचे.

हंगाम आम्ही मध्य फेब्रुवारी ते मध्य मार्च एवढाच ठेवला. डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यापासून जानेवारीच्या पहिल्या आठवड्यापर्यंत सूर्य क्षितिजावर येतच नाही. मेअखेर ते मध्य जुलै तो मावळत नाही, म्हणजे ध्रुवीय प्रकाशाचा (रात्रीच्या आभाळात दिसणाऱ्या रंगीत ऑरोराचा) प्रश्नच मिटला. मध्य फेब्रुवारीत दिवस साडेसात तासांच्या आसपास असतो आणि भर दुपारीही सूर्य क्षितिजापासून जेमतेम ९ अंशांवर असतो. आपल्याकडे सूर्योदयानंतर पाऊण तास मिळणारा तिरपा उजेड तिथे दिवसभर मिळतो. मार्च उजाडेपर्यंत दिवस साडेनऊ तासांच्या पुढे जातो, तरी रात्र पुरेशी काळोखी असते आणि डोंगरांवर बर्फ टिकून असतं.

तारखा आम्ही तिथीवरून ठरवतो. शुक्ल अष्टमीच्या आसपासचा चंद्र फेब्रुवारीत त्या अक्षांशावर रात्री उशिरापर्यंत उंच असतो. त्याच्या उजेडात बर्फाचे डोंगर दिसतात, पण पौर्णिमेला जसा फिका ध्रुवीय प्रकाश धुऊन जातो तसा जात नाही. दुसरा फायदा भरतीचा. अष्टमीला भांग असतो, पाण्याची चढ-उतार कमी राहते. उधाणाला तिथे भरती-ओहोटीतला फरक अडीच-तीन मीटरपर्यंत जातो आणि तासाभरापूर्वी ज्या खडकावर ट्रायपॉड होता तो खडक दिसेनासा होतो. कोकणातल्या माणसाला हे सांगावं लागत नाही. पुण्या-नागपूरच्या मंडळींना आम्ही निघण्याआधी भरतीचा तक्ता वाचायला शिकवतो.

गट सहा जणांचा, सोबत आम्ही दोघं आणि स्थानिक चालक. सहा हा आकडा जमिनीनं ठरवला. हामनोयच्या पुलावर, जिथून लाल रोर्बू आणि मागचा फेस्तहेलतिंदेन डोंगर एका चौकटीत येतात, तिथे कठड्यालगतची जागा अरुंद आहे आणि तिथे इतर छायाचित्रकारही असतात. उटाक्लाइव्हच्या किनाऱ्यावर गोल दगडांमध्ये लाट येते अशा चांगल्या जागा मोजक्याच आहेत. तिथे सहा ट्रायपॉड एकमेकांच्या चौकटीत न येता लागतात. आठवा लागला की कुणीतरी मागे उभं राहून दुसऱ्याच्या पाठीचा फोटो काढतं. शिवाय लाटांजवळ एका मार्गदर्शकाला तिघांवरच नीट लक्ष ठेवता येतं. एक जण कॅमेऱ्याच्या स्क्रीनवर काय चाललंय ते पाहतो, दुसरा समुद्राकडे.

वाहनाचं गणितही यातूनच आलं. नॉर्वेत चालकासह नऊ आसनांपर्यंतची गाडी साध्या परवान्यावर चालवता येते, त्यामुळे अनेकांना ती सोयीची वाटते. पण नऊ माणसं बसली की हिवाळी कपडे, ट्रायपॉड आणि बॅगांना जागा उरत नाही, आणि पैसे घेऊन प्रवासी नेण्यासाठी तिथे वेगळा परवाना लागतोच. म्हणून आम्ही १६ आसनी मिनीबस चालकासह घेतो. प्रत्येकाच्या शेजारची जागा त्याच्या बॅगेला. उतरल्यावर दोन मिनिटांत कॅमेरा हातात येतो आणि ओले बूट कुणाच्या लेन्सवर पडत नाहीत. टायर खिळ्यांचे असावेत हे करारात लिहून घेतो. उत्तर नॉर्वेत ते १६ ऑक्टोबर ते ३० एप्रिल वापरता येतात.

मुक्काम दोनच, चार-चार रात्रींचे. पहिला लेकनेसजवळ, दुसरा रेने-हामनोय भागात. दोघांत अंतर ५५ किलोमीटरच्या आसपास असलं तरी हिवाळ्यात तासाहून जास्त लागतो. ट्रोम्सो, सेन्या आणि लोफोटेन एका आठवड्यात बसवणारा कार्यक्रम कागदावर भरगच्च दिसतो, पण त्यात उजेडाचे तास गाडीत जातात. एकाच किनाऱ्यावर तीन वेगवेगळ्या हवामानांत उभं राहिल्याशिवाय तिथलं चांगलं चित्र हाती लागत नाही, हे आमचं ठाम मत आहे आणि सगळा कार्यक्रम त्यावर बेतलेला आहे.

जाताना मुंबई, मग आखातातला किंवा युरोपातला एक थांबा, ऑस्लो आणि तिथून एव्हेनेस. लेकनेस आणि स्वोल्वेरला विमानतळ आहेत, पण धावपट्ट्या सुमारे ८०० मीटरच्या. तिथे छोटी विमानं उतरतात, आडवा वारा असेल तर उतरत नाहीत, आणि हातातल्या सामानाची मर्यादा कडक असते. एव्हेनेसला मोठी विमानं येतात. पुढे लेकनेसपर्यंत हिवाळ्यात साधारण चार तासांचा रस्ता. ऑस्लोमध्ये जाताना एक रात्र मुद्दाम ठेवतो, कारण मागे राहिलेली बॅग दुसऱ्या दिवशी तिथे पोचू शकते. बेटांवर ती शोधत बसणं अवघड. मोस्केनेसहून बोडोला साडेतीन तासांची फेरीबोट आहे. ती वादळात रद्द होते, म्हणून परतीचं विमान तिच्या भरवशावर कधीच ठेवत नाही. सुट्या लिथियम बॅटऱ्या आणि पॉवर बँक हातातल्या सामानातच.

रोज संध्याकाळी जेवणानंतर दुसऱ्या दिवसाचा बेत ठरतो. नॉर्वेच्या हवामान संस्थेचं ‘वायआर’ उघडायचं, वाऱ्याचा वेग मीटर प्रति सेकंदात पाहायचा, त्यातही झोताचा आकडा वेगळा पाहायचा. मग ढगांचे थर, भरतीची वेळ, ई-१० वर कुठे बंद आहे का, हिमकडे कोसळण्याचा इशारा काय आहे. झोत १५ च्या वर असतील तर उघड्या किनाऱ्यावर लाटांचं काम करत नाही. ट्रायपॉड थरथरतो आणि लेन्सवर खारं पाणी सतत येतं. अशा दिवशी डोंगराच्या आडोशाचं बंदर किंवा मासे वाळवायच्या लाकडी मांडवांकडे जातो.

हे मांडव फेब्रुवारी-मार्चमध्ये भरत जातात. बॅरंट्स समुद्रातून अंडी घालायला येणारा कॉड मासा तेव्हा पकडला जातो, डोकं कापून दोन-दोन मासे शेपटीशी बांधतात आणि मिठाशिवाय, नुसत्या थंड वाऱ्यावर उन्हाळ्याच्या तोंडापर्यंत वाळवतात. वसई-वर्सोव्याच्या वलांडीवरचे बोंबील ज्यांनी पाहिलेत त्यांना चौकट लगेच सापडते. ७० ते २०० मिलिमीटरची लेन्स लावून पुनरावृत्ती पकडायची. मात्र ती लोकांची कामाची जागा आहे, विचारल्याशिवाय मांडवाखाली शिरायचं नाही.

आता लाटांविषयी थोडं सविस्तर, कारण सहलीतला सर्वात जास्त वेळ तिथे जातो आणि सर्वात जास्त सामानही तिथेच बिघडतं. किनाऱ्यावर पोचल्यावर पहिली दहा-पंधरा मिनिटं कॅमेरा बाहेर काढू देत नाही. लाटा सारख्या नसतात. मोठ्यांची एक रांग थांबून थांबून येते आणि ती कुठपर्यंत चढते हे पाहूनच उभं राहायचं. समुद्राकडे पाठ करायची नाही. उटाक्लाइव्हचे काळपट ओले दगड शेवाळानं निसरडे असतात. बुटांचे खिळे बर्फावर धरतात, पण उघड्या कठीण दगडावर तेच घसरतात, म्हणून दगडावर चढण्याआधी काढायचे. पायात निओप्रीनचे गुडघ्यापर्यंतचे बूट, आत लोकरीचे मोजे.

परतणाऱ्या लाटेच्या पांढऱ्या रेघा हव्या असतील तर शटर ०.३ ते ०.८ सेकंद. त्याहून कमी ठेवलं तर फेसाचे ठिपके राहतात, दोन सेकंदांच्या पुढे गेलं की सगळं दूध होतं. छिद्र एफ/८ ते एफ/११, आयएसओ सगळ्यात खालचा, आणि उजेडानुसार ३ किंवा ६ स्टॉपचा एनडी, म्हणजे लेन्समध्ये येणारा उजेड कमी करणारा फिल्टर. कळ दाबायची ती लाट येताना नाही, मागे फिरायला लागली की. येणारं पाणी पायांवर आदळत असताना घेतलेलं चित्र हललेलंच असतं. वाळूत ट्रायपॉडचे पाय दाबून बसवायचे, कारण प्रत्येक लाट पायाखालची वाळू उकरून नेते. दोन-तीन लाटांनंतर क्षितिज कलतं, ते पुन्हा तपासायचं. मधला दांडा वर करायचा नाही. १० स्टॉपचा एनडी सगळे आणतात, पण वाऱ्यात मिनिटभराचं एक्स्पोजर क्वचितच धारदार येतं.

समोरच्या काचेवरचा थेंब हा सर्वात मोठा शत्रू. रुंद लेन्स, लहान छिद्र आणि समोर सूर्य असेल तर एक थेंब अर्धी चौकट खातो, आणि मागच्या छोट्या स्क्रीनवर तो दिसत नाही. दर पाच चित्रांनंतर शंभर टक्के मोठं करून पाहायचं. मीठ कोरड्या फडक्यानं घासलं तर काचेवर चरे पडतात: आधी गोड्या पाण्याचा फवारा, मग ओलं फडकं, मग कोरडं. माणशी आठ-दहा मायक्रोफायबर फडकी लागतात. पोलरायझर रुंद लेन्सवर आभाळ एका बाजूला गडद करतो. तो आम्ही ओल्या दगडांवरची चमक कमी करायलाच वापरतो.

रात्री मुक्कामी आल्यावर ट्रायपॉड कोमट पाण्यानं धुवायचा, खालच्या कड्या उघडून रात्रभर वाळत ठेवायचा. हे चुकवलं तर दोन-तीन दिवसांत वाळू आणि मिठानं पिळाच्या कड्या अडकतात. ओला ट्रायपॉड मिटून ठेवला आणि तापमान उतरलं तर तो सकाळी उघडत नाही. कॅमेऱ्याचं वेगळं: उबदार घरात शिरण्याआधी बाहेरच कार्ड आणि बॅटरी काढून घ्यायची, कॅमेरा झिपच्या पिशवीत घट्ट बंद करायचा आणि आत दोनेक तास उघडायचा नाही. बाष्प मग पिशवीवर धरतं, सेन्सरवर नाही.

ध्रुवीय प्रकाशासाठी स्काग्सांडेनचा किनारा आम्हाला सर्वात आवडतो. तो उत्तरेकडे उघडा आहे आणि ओहोटीनंतरची ओली वाळू आरशाचं काम करते. लोफोटेन प्रकाशाच्या पट्ट्याखाली येत असल्यानं केपी निर्देशांक (ध्रुवीय प्रकाशाच्या जोराचा अंदाज देणारा आकडा) २ असतानाही काम होतं. पाचाची वाट पाहायची गरज नाही. अडथळा ढगांचा असतो, त्यामुळे ढगांचा नकाशा पाहून गाडी फिरवतो. एफ/२.८, आयएसओ १६०० ते ३२००, प्रकाश वेगानं हलत असेल तर २-३ सेकंद, संथ असेल तर ८-१०. रंगतापमान ३५०० ते ४००० केल्विनवर पक्कं करायचं, फोकस ताऱ्यावर हातानं जुळवून कडं टेपनं चिकटवायचं. डोक्यावरचा दिवा लाल, तोही खाली वळवलेला. सुटी बॅटरी आतल्या खिशात, अंगाच्या उबेत.

जेवणाची व्यवस्था आम्ही रोर्बूच्या स्वयंपाकघरातच करतो. हिवाळ्यात बरीच उपाहारगृहं बंद असतात आणि आमच्याकडे शाकाहारी मंडळी कायम असतात. पोहे, डाळ-तांदूळ, मेतकूट, मसाले इथून नेता येतात. तूप, पेढे आणि मांसाचे पदार्थ भारतातून नॉर्वेत नेण्यास बंदी आहे, हे आम्ही यादीत ठळक लिहितो. ताजी खरेदी लेकनेसच्या मोठ्या दुकानांत, रविवार सोडून, कारण बहुतेक दुकानं त्या दिवशी बंद.

खर्चाबाबत स्पष्ट सांगतो. राहणं आणि मिनीबस हे दोन मोठे भाग. माणसं सहाच असल्यानं प्रत्येकाच्या वाट्याला जास्त येतं. खोल्या आम्ही जवळपास वर्षभर आधी धरतो. परदेशी सहलीच्या पैशांबरोबर टीसीएस (आगाऊ गोळा केला जाणारा प्राप्तिकर) घेतला जातो, तो विवरणपत्रात वळता करून घेता येतो. शेंगेन व्हिसाचा अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो, आणि किमान ३०,००० युरोचा वैद्यकीय विमा सक्तीचा आहे. ड्रोन आणणाऱ्यांनी नोंदणी स्वतः करायची. विमानतळापासून ५ किलोमीटरच्या आत परवानगीशिवाय उडवता येत नाही, त्यामुळे लेकनेस परिसरात बेत आखताना नकाशा पाहावाच लागतो.

पुढचं काम सेन्या बेटाचं. तुंगेनेसेतच्या खडकांवरून समोर ओक्सहोर्नानचे सुळके दिसतात आणि खडकांतल्या पाण्याच्या डबक्यांमुळे पुढची चौकट भरते. पण तिथे मुक्कामाची ठिकाणं कमी, दुकानं लांब, आणि हिमकडे कोसळण्यामुळे बाहेरच्या किनाऱ्याचे रस्ते बंद होतात. लोफोटेनला जोडून दोन दिवस दिले तर त्यातला एक रस्ता उघडण्याची वाट पाहण्यात जाईल. म्हणून ती वेगळी सहल असेल: बार्दुफोसला उतरायचं, फिन्स्नेसच्या पुलावरून बेटावर जायचं, सहा रात्री एकाच गावात राहायचं, आणि गट चौघांचा.