तुम्ही विचारलंत म्हणून: कॅमेरा एका जागी का थांबतो?

'तुमच्या माहितीपटात कॅमेरा एकाच शेतावर, एकाच भिंतीवर इतका वेळ का थांबतो?' कोल्हापुरात हा प्रश्न मला हमखास विचारला जातो. ज्या शहरात 1929 साली प्रभात फिल्म कंपनी सुरू झाली, तिथला प्रेक्षक पडद्यावर गोष्ट मागणारच, आणि त्याचे मागणे रास्तच आहे. माझे उत्तर मात्र पंचगंगेच्या पाण्याने मला दिलेले आहे.

आपल्याकडचा महापूर धडधडत येत नाही. कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती यांचे पाणी प्रयाग चिखलीच्या संगमापर्यंत एक होते, तिथून नदी सपाट मुलखातून वळणे घेत नृसिंहवाडीला कृष्णेला मिळते, आणि कृष्णाच फुगलेली असली की पंचगंगेचे पाणी पुढे सरकत नाही. मग ते तुंबते, मळीच्या, म्हणजे नदीकाठच्या गाळाच्या रानात पसरते, पायरी-पायरीने घरात चढते आणि दिवसचे दिवस हटत नाही. पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यावर 39 फुटांना इशारा, 43 फुटांना धोका. तिथली पातळी इंचाइंचाने वाढत असताना सगळ्या शहराचे लक्ष त्या आकड्याकडे लागलेले असते. अशा पाण्याची आठवण दोन-दोन सेकंदांच्या तुकड्यांत सांगणे मला खोटे वाटते.

नदीकाठच्या एका गोठ्याच्या भिंतीवर 2005, 2019 आणि 2021 या वर्षांच्या पुराच्या पातळीच्या रेघा ऑइलपेंटने ओढलेल्या आहेत. चित्रीकरणाला गेलो तेव्हा माझे सगळे लक्ष त्या रेघांवर होते. घरातल्या आजींना कॅमेऱ्यासमोर न बसवता मी फक्त ध्वनिमुद्रण सुरू ठेवले होते. बऱ्याच वेळाने त्या म्हणाल्या, "पाण्याचा आवाज न्हाई आला, लेकरा. म्हसरं उठून हुबी ऱ्हायली, तवा कळलं." हे सांगताना त्यांची नजर रेघांकडे एकदाही गेली नाही, ती दाव्याने घासून खाच पडलेल्या खुंट्यावर होती. मी कॅमेरा खुंट्यावर आणला आणि त्यांचे बोलणे संपेपर्यंत हलवला नाही.

शेताचेही तसेच आहे. पूर ओसरल्यावर उसाच्या पानांवर गाळ वाळतो आणि वाऱ्याने पाने हलली की त्याची धूळ झडते. पोंग्यात, म्हणजे शेंड्याच्या कोवळ्या गुंडाळीत, पाणी शिरलेला ऊस लांबून हिरवाच दिसतो. आतून तो कुजत चालल्याचे शेतकरी जवळ जाऊन, पोंगा ओढून पाहतो. प्रेक्षकाला त्या फडासमोर तेवढा वेळ मिळाला नाही, तर त्याला हिरवळीपलीकडे काही दिसणार नाही.

2019 च्या पुराची ड्रोनने टिपलेली दृश्ये मला अनेकांनी देऊ केली. ती मी घेतली नाहीत, कारण एवढ्या उंचीवरून सगळी छपरे सारखीच दिसतात आणि त्यांतले आजींचे छप्पर कोणते, हे ओळखू येत नाही.