काळ्या भिंती आणि रेघांचा किमोनो

कावागोएत किमोनो भाड्याने घ्यायला गेलं की पहिला घोळ होतो तो रंगापाशी. दुकानात पुढे टांगलेले असतात ते फिकट गुलाबी, पिस्ता, आकाशी; त्यावर भरगच्च फुलं, आणि हल्ली गळपट्टीला लेससुद्धा. फोटोत छान दिसतात, खोटं कशाला बोला. पण त्यांच्यामागे, बहुतेक वेळा कोपऱ्यात, बारीक उभ्या रेघांचे गडद निळे आणि तपकिरी किमोनो लटकत असतात. या गावात तेच मागून घ्यावेत.

टोकियोच्या इकेबुकुरोहून तोबू तोजो मार्गाची जलद गाडी धरली तर अर्ध्या तासात कावागोए येतं. गावाचा मुख्य रस्ता इचिबानगाई, आणि तो काळा आहे. याला कारण आग. मार्च १८९३ मध्ये गावाचा जवळजवळ तिसरा हिस्सा, तेराशेच्या वर घरं, जळून गेला. जी थोडी घरं तगली ती जाड मातीच्या भिंतींची, गोदामासारखी बांधलेली होती. त्यांतलं १७९२ सालचं ओसावा घराण्याचं घर आजही रस्त्यावर उभं आहे. ते बघून व्यापाऱ्यांनी शहाणपण घेतलं आणि नवी दुकानं त्याच पद्धतीने उठवली. बांबूच्या ताटीवर मातीचे थरावर थर, त्यावर चुन्याचा गिलावा, आणि शेवटचा हात काजळी कालवलेल्या चुन्याचा, घासून घासून तुकतुकीत केलेला. माडीवरच्या खिडकीची झडप जवळून बघावी. तिची कड सरळ नसते, तीन-चार पायऱ्यांची असते. दोन्ही झडपा मिटल्या की पायरीत पायरी बसते आणि ज्वाळेला आत शिरायला सरळ फट मिळत नाही. उरलेल्या भेगा आयत्या वेळी ओल्या मातीने लिंपायच्या.

अशा भिंतीपुढे रेघा शोभतात, आणि त्या इथल्याच आहेत. एदो काळात (१६०३ ते १८६८; एदो म्हणजे तेव्हाचं टोकियो) व्यापाऱ्यांनी भारी रेशीम मिरवू नये असे हुकूम वरचेवर निघत. त्यामुळे पैसेवाल्यांची हौस बारकाव्यात शिरली. आपल्याकडच्या कोरोमंडल किनाऱ्यावर विणलेलं रेघांचं सुती कापड डच जहाजांतून नागासाकीला उतरायचं आणि एदोतले शौकीन ते चढ्या भावाने घ्यायचे. १८५९ मध्ये योकोहामा बंदर परदेशी व्यापाराला खुलं झालं, पाश्चात्त्य गिरण्यांचं बारीक सूत येऊ लागलं, आणि नाकाजिमा क्युहेई या कावागोएच्या व्यापाऱ्याने त्या सुतावर इथे तसलंच कापड विणवून घेतलं. तेच ‘कावागोए तोझान’. निळीच्या गडद पायावर तांबडी किंवा तपकिरी रेघ, इतकी बारीक की दहा पावलांवरून कापड एकरंगी वाटावं. नीट तयार केलेलं तोझान सुती असूनही हाताला रेशमासारखं लागतं. भाड्याच्या दुकानात अस्सल तोझान मिळेलच असं नाही. साध्या रेघांच्या सुती किमोनोवरही काम भागतं.

रंग ठरला की नेसणं. बाईमाणसाला वीस मिनिटं ते अर्धा तास, पुरुषाला त्याच्या निम्मा वेळ. साधारण ३६ ते ३८ सेंमी पन्न्याचं, बारा मीटरच्या आसपास लांबीचं एक थान. त्याचे सगळे काप सरळ आणि तुकडे आठ. कमरेला चुणी नाही, छातीला टक नाही. अंगाचं माप शिवणीत नाही, दोऱ्यांत असतं. म्हणूनच नेसवणारी बाई आधी कमरेभोवती टॉवेल गुंडाळते. आपण बारीक कमर मिरवायला जातो आणि ती बाई कमरेचा खळगा बुजवते, कारण ओबी, म्हणजे कमरेचा रुंद पट्टा, दंडगोलावर सपाट बसते. खळग्यावर तिला सुरकुत्या पडतात आणि तासाभरात ती खाली सरकते.

सगळा डोलारा पहिल्या दोरीवर असतो. किमोनो अंगात घातला की जमिनीवर लोळतो, कारण बाईचा किमोनो जवळजवळ तिच्या उंचीइतका शिवलेला असतो. घोट्यापर्यंत काठ उचलायचा, उजवी बाजू आत, डावी तिच्यावर, आणि कमरेच्या हाडाच्या जरा वर ही दोरी करकचून बांधायची. उलटी घडी फक्त प्रेताला. पुरुष असो वा बाई, डावी बाजू वरच. आतल्या पदराचं टोक आठदहा सेंमी आणि वरच्याचं चारपाच सेंमी उचलून घेतात. त्याने घेर खाली निमुळता होतो आणि चालताना पायात येत नाही. उरलेलं कापड दोरीवरून खाली लोंबतं, त्याची घडी ओबीखाली बोटभर दिसते, ती ‘ओहाशोरी’. दुसरी दोरी छातीखाली, ती मात्र सैल. ‘नीट बसू दे’ म्हणून छातीची दोरी आवळून घेणारे दुपारी भोवळ येते अशी तक्रार करतात, आणि कमरेची सैल राहिलेल्यांचा काठ पहिल्या चौकातच चपलेवर लोळतो. बांधून होताच दोनदा उकिडवं बसून बघावं. काही सुटायचं असेल तर ते दुकानात सुटलेलं बरं.

गळपट्टी बायकांची मानेपासून मूठभर मागे, पुरुषांची मानेला चिकटून. पुरुषांचं बाकी गणित सोपं, पण एका जागी अडतं. त्यांच्या किमोनोला ओहाशोरी नसते, म्हणजे लांबी कमीजास्त करायला जागाच नसते. आखूड किमोनो आखूडच दिसतो आणि बाहीतून मनगट बाहेर येतं. उंच माणसाने आरक्षण करतानाच उंची सांगावी. ओबी पोटाखाली, पुढे उतरती आणि मागे चढती. इथे मात्र सुटलेल्या पोटाचा फायदा होतो. सडपातळ पुरुषांच्या पोटावर टॉवेल खोचतात.

चालायची गोष्ट वेगळी. साडीच्या निऱ्या पावलाला मोकळीक देतात. किमोनो ही नुसती नळी आहे. नेहमीची टांग टाकली की पुढचा पदर फाकतो आणि पोटरी दिसते. पाऊल निम्मं, गुडघे जवळ, बोटं किंचित आत. झोरी, म्हणजे किमोनोवरच्या चपला, पायापेक्षा लहान निघाल्या म्हणून दुकानदाराशी वाद घालू नये, टाच सेंमी-दीड सेंमी मागे यायलाच हवी. पट्टा बोटांच्या बेचक्यात पार घुसवायचा नाही, त्याला जरा जागा ठेवायची. नवा पट्टा कडक असतो. घालण्याआधी दोन्ही बाजू हाताने ताणून सैल कराव्यात आणि अंगठ्याच्या आतल्या बाजूला आधीच चिकटपट्टी लावावी. फोड आल्यावर लावलेली पट्टी ताबीत (अंगठा वेगळा असलेल्या मोज्यात) गोळा होऊन आणखी छळते.

म्हणून वाटही कपड्याच्या सोयीने आखावी. सकाळी अंग ताजं असताना कीताइन मंदिर. इथे १६३८ मध्ये लागलेल्या आगीनंतर तिसरा शोगुन (लष्करी राज्यकर्ता) तोकुगावा इएमित्सु याने एदोच्या किल्ल्यातल्या खोल्या उचलून इथे आणवल्या. तो जन्मला म्हणतात ती खोलीही त्यात आहे. आत तातामी, म्हणजे गवती चटयांची जमीन, असल्याने चपला काढाव्या लागतात. उन्हाळ्यात युकाता (पातळ सुती किमोनो) आणि गेता (लाकडी चपला) घालून बिनमोज्यांनी आलेल्यांनी पिशवीत मोजे ठेवावेत. बाहेर गोहयाकू राकान, म्हणजे दगडी अर्हत, १७८२ ते १८२५ या काळात घडवलेले, ५३८. कोणी कुजबुजतोय, कोणी ओठाला पेला लावतोय. खालच्या रांगेतले बघायला वाकायचं नाही, गुडघ्यात बसायचं. कमरेतून वाकलं की मागची गाठ वर सरकते आणि गळपट्टी पुढे येते.

हिकावा मंदिर दुसऱ्या टोकाला आहे. तिथे बसने गेलेलं चांगलं. बसमध्ये चढताना उजव्या हाताने वरचा पदर चिमटीत धरून जरासा उचलायचा, बसायचं ते अर्ध्या बाकावर, पाठ न टेकता. टेकली की ओबीची गाठ चेपते आणि ती पुन्हा फुलत नाही. मंदिराच्या आवारात खडी आहे. झोरीत खडा गेला तर पाय झटकू नये, थांबून काढावा. उन्हाळ्यात इथे काचेच्या वाऱ्याच्या घंटा ओळीने टांगलेल्या असतात, आणि गर्दी अशी की रेघांचा किमोनो काय, लेसचाही कोणाला दिसत नाही.

आता खाणं. कावागोए रताळ्यांचं गाव. पेल्यात उभे केलेले लांबलचक रताळ्याचे काप, सॉस लावून भाजलेले दांगो (काडीला टोचलेले तांदळाच्या पिठाचे गोळे), आणि काशिया योकोचो या खाऊगल्लीत काळ्या साखरेत घोळवलेला हातभर लांब फुगाशी, हा गव्हाच्या ग्लुटेनचा हलका कुरकुरीत खाऊ. १९२३ च्या भूकंपात टोकियो उद्ध्वस्त झालं तेव्हा तिथला गोळ्या-मिठाईचा पुरवठा या गल्लीने केला, तिची भरभराट त्यामुळेच. ही सगळी खादाडी कपड्याची वैरीण आहे. दांगोचा सॉस पातळ असतो आणि काडी उभी धरली की मनगटावर ओघळतो. तिथून बाही दोन बोटांवर. काडी आडवी धरायची, डाव्या हाताने उजव्या बाहीचं तोंड आवरायचं, आणि चालत खायचंच नाही. मोठा हातरुमाल गळपट्टीत खोचावा, लाज बाळगू नये. डाग पडलाच तर चोळायचा नाही, कोरड्या रुमालाने टिपायचा आणि परत करताना स्वतःहून सांगायचं.

इचिबानगाईवर गाड्या धावतात आणि पदपथ अरुंद आहे, हे फोटोत कधी दिसत नाही. फोटोसाठी एक पाऊल मागे घेणारे थेट रस्त्यात जातात. मधल्या एका गल्लीत ‘तोकी नो काने’ हा घंटेचा मनोरा, सोळा मीटर उंच, १८९३ च्या आगीनंतर लगेच पुन्हा बांधलेला. घंटा दिवसातून चारदा वाजते: सकाळी सहा, दुपारी बारा, तीन आणि संध्याकाळी सहा. भाड्याचे कपडे बहुधा पाचच्या आसपास परत मागतात, म्हणून बारा किंवा तीनचा टोला धरावा. तारीख हातात असेल तर ८, १८ किंवा २८ निवडावी. महिन्याच्या या तीन दिवशी किमोनो घालून आलेल्यांना गावातली काही दुकानं सवलत किंवा लहानशी भेट देतात.

दुपारपर्यंत काही ना काही ढिलं होतंच. मागची गळपट्टी मानेला चिकटली असेल तर ओबीखालची घडी पाठीच्या शिवणीपाशी धरून हळूच खाली ओढावी. आतली बाजू फुगली असेल तर डाव्या काखेखालच्या फटीतून हात घालून ती ओढून घ्यावी. बायकांच्या किमोनोला ही फट त्यासाठीही कामी येते. काठ उतरला असेल तर ओहाशोरी उचलून पहिल्या दोरीवरचं कापड वर खेचावं. ओबी घसरली तर तिच्या खालच्या कडेत घडी घातलेला रुमाल सारावा. शौचालयात दोन्ही बाह्या चिमट्यांनी एकत्र अडकवून थर एकेक करून उचलायचे, आधी किमोनो, मग आतला जुबान, मग परकर. आणि सोडताना आतल्यापासून. तीन-चार कपड्यांचे चिमटे, दोन रुमाल आणि चिकटपट्ट्या एवढा ऐवज पिशवीत पुरतो.

ऋतूचं म्हणाल तर ऑक्टोबर ते मे अस्तराचा, जून आणि सप्टेंबरात बिनअस्तराचा, जुलै-ऑगस्ट विरळ विणीचा असा जुना नियम. उकाड्याने तो हल्ली बराच सैल झालाय. भाड्याचा माल पुष्कळदा पॉलिस्टर असतो. उन्हाळ्यात तो घाम पीत नाही आणि हिवाळ्यात परकराला चिकटून चटचट वाजतो. सुती रेघांचा मागायला हे आणखी एक कारण.

आणि कापड आवडून तोझानचं थानच विकत घ्यायचा मोह झाला, गावात ते मिळतंही, तर पुरुषांनी आधी मणक्यापासून खांद्यावरून मनगटापर्यंत माप घ्यावं. ३६ सेंमी पन्न्याचे दोन तुकडे जोडून, शिवण वजा जाता, बाही सत्तरीच्या आतच थांबते. तुमचं माप पंचाहत्तर असेल तर किमोनोचा नाद सोडून त्याच कापडाचा सदरा शिवून घ्यावा.