अमेरिकी सैन्यातून नागरिकत्व: एन-४२६ वरच्या एका सहीसाठी

अमेरिकेच्या सैन्यात राहून नागरिकत्व घ्यायचं असेल तर एक गोष्ट आधीच सांगते. परीक्षा सोपी आहे, शपथविधी छान होतो, पण त्याच्या अलीकडे एन-४२६ नावाचा एक फॉर्म आहे. सगळा धीर त्याच्यासाठी राखून ठेवा. माझा राग अजून गेलेला नाही, म्हणून सविस्तर लिहितेय.

मी मूळची कोल्हापूरची. आत्याने बाबांसाठी भरलेल्या अर्जाचा नंबर कितीतरी वर्षांनी लागला, ग्रीन कार्ड मिळालं आणि आम्ही न्यू जर्सीला आलो. तिथून २०२१ मध्ये मी आर्मीत भरती झाले. ग्रीन कार्डवर भरती होता येतं, पण सिक्युरिटी क्लिअरन्स, म्हणजे गोपनीय माहिती हाताळायची परवानगी, लागणारी कामं नागरिक झाल्याशिवाय मिळत नाहीत, आणि अधिकारी व्हायचं तर नागरिकत्व हवंच. मी होते सप्लायमध्ये. मला जिथे जायचं होतं तिथे क्लिअरन्स लागत होता, त्यामुळे घाई होती.

कायदा आपल्या बाजूने आहे, हे नीट समजून घ्या. एरवी ग्रीन कार्डवाल्याला बहुतेक वेळा पाच वर्षं थांबावं लागतं. सैनिकाला शांततेच्या काळात एक वर्षाची सेवा पुरते. युद्धकाळ जाहीर असेल तर तीही अट नाही, सेवा निष्कलंक असली की झालं. ११ सप्टेंबर २००१ पासूनचा काळ राष्ट्राध्यक्ष बुश यांनी २००२ च्या आदेशाने तसा ठरवला आणि मी अर्ज केला तेव्हा तो लागूच होता. सैनिकाला एन-४०० या मुख्य अर्जाची फीसुद्धा नाही. कोणी एजंट पैसे मागत असेल तर तिथूनच परत फिरा.

मग अडतं कुठे? तुमची सेवा निष्कलंक आहे, हे सैन्यानेच लिहून द्यावं लागतं. तो कागद म्हणजे एन-४२६. तो भरून युनिटच्या एस-वनमध्ये, म्हणजे कर्मचारी विभागात द्यायचा आणि वरिष्ठ अधिकाऱ्याची सही घ्यायची. आमच्याकडे कर्नलची सही लागते असं सांगितलं. कर्नल बसतात ब्रिगेडला. म्हणजे कागद कंपनीतून बटालियनला, बटालियनमधून ब्रिगेडला, आणि प्रत्येक टेबलावर त्याने मुक्काम करायचा.

पहिल्यांदा गेले तेव्हा खिडकीतल्या क्लार्कने फॉर्म हातातही घेतला नाही. म्हणाला, "सहा महिने पूर्ण झाले की ये." ही अट २०१७ मध्ये संरक्षण खात्याने आणली होती: पूर्णवेळ सेवेत १८० दिवस, राखीव दलात एक वर्ष. ऑगस्ट २०२० मध्ये वॉशिंग्टनच्या फेडरल न्यायालयाने ती रद्द केली आणि फॉर्म आला की ३० दिवसांत निकाल द्या असं बजावलं. हे मी त्याला सांगितलं. त्याने भिंतीवर चिकटवलेल्या जुन्या कागदाकडे बोट दाखवलं. न्यायालयाने मोडलेला नियम त्या भिंतीवर मात्र टेपने घट्ट बसला होता.

मग मी आदेशाची प्रिंट काढून नेली. फॉर्म घेतला गेला. पुढे काय, तर "कर्नल सरावाला फील्डमध्ये आहेत". ते परत आले, तर क्लार्क रजेवर. तो आला, तर फॉर्म सापडेना. सातबाऱ्यावर नाव चढवायला तलाठ्याकडे खेटे घालणाऱ्या माणसाला जे वाटतं ते मला गणवेशात उभं राहून वाटत होतं. कारण खिडकीपलीकडचा माणूस माझ्या वरच्या हुद्द्याचा. आवाज चढवायचा नाही, "येस सार्जंट" म्हणून निघायचं.

शेवटी फॉर्म सापडला आणि नावावर अडला. हे आपल्या लोकांनी लक्ष देऊन वाचा. आपण मधलं नाव वडिलांचं लावतो. माझ्या भारतीय पासपोर्टवर माझं आणि बाबांचं नाव दोन्ही 'गिव्हन नेम'च्या एकाच रकान्यात आहेत. ग्रीन कार्डवरही तसंच उतरलं. आर्मीने भरती करताना बाबांचं नाव मधल्या नावाच्या रकान्यात टाकलं, आणि ओळखपत्रावर तर त्याचं एकच अक्षर उरलं. क्लार्क म्हणाला, "या दोन वेगळ्या व्यक्ती दिसतात." जन्मतारीख तीच, फोटो तोच, सोशल सिक्युरिटी नंबर तोच, आणि मी समोर उभी!

इथे मला वाट दाखवली ती तळावरच्या कायदा सहाय्य कार्यालयाने. सैनिकांना तिथे वकील फुकट मिळतो, हे अनेकांना माहीतच नसतं. तिथल्या कॅप्टनबाईंनी माझा जन्मदाखला, पासपोर्ट आणि भरतीचा करार शेजारी शेजारी ठेवला आणि तिन्ही नावं एकाच व्यक्तीची आहेत असं पत्र करून दिलं. वर म्हणाल्या, "तुझ्या फर्स्ट सार्जंटला भेट. तिथे नाही झालं तर कमांडरकडे ओपन डोअर माग, आणि तिथेही नाही झालं तर तुमच्या खासदाराला लिही." फर्स्ट सार्जंट म्हणजे कंपनीतला सगळ्यात वरचा सार्जंट, आणि ओपन डोअर म्हणजे कमांडरला थेट भेटायची मुभा. खासदाराच्या कार्यालयातून चौकशी आली की युनिटला उत्तर द्यावंच लागतं. माझ्यावर ती वेळ आली नाही. फर्स्ट सार्जंटने पत्र वाचलं, फॉर्म स्वतःच्या फोल्डरमध्ये घातला आणि मला बरोबर घेऊन ब्रिगेडला गेला. दुपारच्या आत सही झाली. इतके महिने जे अडलं होतं ते एका माणसाने मनावर घेतल्यावर जेवणाच्या सुट्टीआधी सुटलं, याचा आनंद झालाच, पण संताप जास्त झाला.

त्यानंतरचं भराभर झालं. बोटांचे ठसे, मग मुलाखत. तेव्हा १०० प्रश्नांची यादी होती, त्यातले १० विचारायचे आणि ६ बरोबर यायला हवेत. आता परीक्षा बदलली आहे, यादी नवीनच घ्या.

शपथविधी तळावरच्या सभागृहात होता. देशांची नावं पुकारली जात होती, त्या त्या देशाचे लोक उभे राहत होते. जमैका, नायजेरिया, फिलिपिन्स. 'इंडिया'ला मी एकटीच उठले. शपथेत गरज पडल्यास शस्त्र हाती घेईन असं वाक्य आहे. शस्त्र तर आम्ही आधीच घेतलं होतं. ते वाक्य मी मोठ्याने म्हटलं. पंजाबातून अमेरिकेत आलेले भगतसिंग थिंद आठवले. १९१८ मध्ये याच आर्मीत होते, त्याच डिसेंबरमध्ये नागरिकत्व मिळालं आणि ते गोरे नाहीत म्हणून चार दिवसांत काढून घेतलं. १९२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही नाकारलं. शेवटी १९३६ मध्ये, पहिल्या महायुद्धातल्या सैनिकांसाठी झालेल्या कायद्यामुळे ते नागरिक झाले. आज मला रांगेत उभं राहायला मिळतं त्यामागे अशी माणसं आहेत.

ग्रीन कार्ड समारंभात परत घेतात. प्रमाणपत्रावरचं नाव तिथेच अक्षर न् अक्षर तपासा. नाव बदलून घ्यायचं असेल तर न्यायालयात होणारा शपथविधी लागतो, तळावरच्या समारंभात ते होत नाही. आणि पाच वर्षांची निष्कलंक सेवा होण्याआधी वाईट शेऱ्यानिशी बाहेर पडलात तर हे नागरिकत्व काढून घेतलं जाऊ शकतं.

भारताची बाजू कोणी सांगत नाही. भारतीय नागरिकत्व आपोआप संपतं, पासपोर्ट वाणिज्य दूतावासाकडे जमा करून सरेंडर सर्टिफिकेट घ्यावं लागतं. जमा करण्याआधी प्रत्येक पान स्कॅन करा. ओसीआय कार्ड, म्हणजे परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना व्हिसाशिवाय भारतात येऊ देणारं कार्ड, मात्र विसरा. परदेशी सैन्यात असलेल्याला किंवा निवृत्त झालेल्याला ते मिळत नाही. कोल्हापूरला आजीला भेटायला मला दर वेळी व्हिसा काढावा लागणार आणि त्या अर्जात सैन्यातल्या नोकरीचा रकाना भरावा लागणार. हे मला सहीच्या आधी ठाऊक होतं, तरी मी हेच केलं. पण तुम्ही घरच्यांशी आधी बोला.

अजून एक. शपथ झाली तरी आर्मीच्या नोंदीत तुम्ही परदेशीच राहता, ती बदलून घ्यायला पुन्हा एस-वनलाच जावं लागतं. प्रमाणपत्र हातातून सोडू नका, समोर धरून नोंद करून घ्या आणि बदललेल्या नोंदीची प्रत घेतल्याशिवाय खिडकीवरून हलू नका.