आजी नेमकी कोणाला दिसली?

आजी गेल्यावर काही दिवसांनी एका रात्री ती माझ्या पायाशी येऊन उभी होती, ही गोष्ट मी इतक्या जणांना सांगितलीये की आता आवाज कुठे खाली आणायचा तेही ठरलेलंय. काल फोनवर सहज विषय निघाला तर ताई म्हणते, "अगं, ते मला झालं होतं. तू ढाराढूर झोपली होतीस, मीच तुला हलवून उठवलं." आणि लगेच दुसऱ्या विषयावर.

मला काही झोप लागली नाही. भूत होतं का नव्हतं हा प्रश्न मी कधीच सोडलाय, स्लीप पॅरालिसिस होता तो. स्वप्नं पडतात त्या आरईएम झोपेत मेंदू हातापायांची हालचाल बंद ठेवतो, कधी जाग आधी येते आणि अंग मागून सुटतं, तेवढ्यात छातीवर दाब, खोलीत कोणीतरी आहे अशी खात्री. ते कोणीतरी म्हणजे कोण ते आपणच भरतो, कोणाला गेलेलं माणूस, कोणाला परग्रहवासी. हे सगळं मान्य. पण मला ते झालंच नसेल तर?

2001 मध्ये जुळ्यांवरचा एक अभ्यास आला होता, त्यात दोघंही छातीठोकपणे आपलीच म्हणतील अशा आठवणी निघाल्या. आणि 1986 ला चॅलेंजर यान फुटलं तेव्हा नायसर आणि हार्श या मानसशास्त्रज्ञांनी दुसऱ्या दिवशी सकाळी विद्यार्थ्यांकडून बातमी कशी कळली ते लिहून घेतलं, अडीचेक वर्षांनी परत विचारलं तर कित्येकांची उत्तरं पार वेगळी, वर खात्री दांडगी, स्वतःच्या अक्षरातला कागद दाखवला तरी मूळ आठवण काही परत आली नाही. त्यांच्याकडे निदान कागद तरी होता. आमच्यात फक्त आई, आणि तिला हे विचारणं... नको.

खोटी पडले याचं वाईट वाटत नाहीये. आजी ताईचीच जास्त होती हे घरात सगळ्यांना माहितीये, माझ्या वाट्याला ही एक रात्र होती, तीही हिचीच निघाली तर मग मला... असो.

दुपारी मात्र एकदम हसूच आलं. भुताखेतांवर काडीचा विश्वास नसलेल्या दोघी बहिणी भूत कोणाला दिसलं यावरून भांडतायत! आणि खरं सांगू, ताईला गोष्ट सांगताच येत नाही. तिची आजी नुसती दाराशी उभी, बास. माझ्या गोष्टीत शालीचा रंगसुद्धा आहे (अंधारात रंग कसा दिसला ते विचारू नका, बारीकसारीक तपशील आठवतो म्हणजे ते घडलंच असं नसतं, हे वाचलंय मी). पुढच्या वेळी तीच सांगू दे, मी मध्ये बोलणार नाही. शालीचा रंग मात्र तिला देणार नाही.