तुम्ही विचारलंत म्हणून: मूकपटातला भणंग दुडुदुडु का पळतो?

मूकपट दाखवला की हा प्रश्न येतोच, आणि मागोमाग पुढचा: तेव्हा गरिबांची थट्टाच करायचे का? दोन वाक्यांच्या उत्तराने कुणाचंच समाधान होत नाही.

थट्टा बरीचशी यंत्राने केलेली आहे. कॅमेऱ्याचं हँडल हाताने फिरवत; एका फेऱ्यात ८ फ्रेम, म्हणजे ८ सुटी चित्रं; सेकंदाला दोन फेरे म्हणजे १६. बोलपटांनी वेग २४ वर बांधला, आणि जुने मूकपटही त्याच वेगाने दाखवले जाऊ लागले. १००० फुटी रिळात १६,००० फ्रेम असतात. १६ च्या वेगाने ते १६ मिनिटं ४० सेकंद चालतं, २४ ने अकराएक मिनिटांत संपतं. कापली जाते ती माणसाची उसंत.

चॅप्लिनचा ‘द किड’ (१९२१) घ्या. अनाथाश्रमाची माणसं भणंग चॅप्लिनने वाढवलेल्या पोराला ट्रकमध्ये टाकतात. मागे उभा तो पोरगा (जॅकी कूगन) हात पसरून रडतो, विनवतो. वेग चढला की ते हात नुसते फडफडतात आणि प्रेक्षागृहात कुणीतरी हसतं. वेग उतरवला की हात वर जाऊन क्षणभर तिथेच थांबतो. कुणी येतंय का, हे तो पोरगा बघत असतो. हे दिसलं नाही तर प्रसंगात उरतं काय?

पण सगळं खापर यंत्रावर फोडता येत नाही. विनोदी पळापळीसाठी चॅप्लिन मुद्दाम हँडल सावकाश फिरवायला लावी, म्हणजे सेकंदाला फ्रेम कमी टिपल्या जात आणि पडद्यावर घाई दिसे. शिवाय तेव्हाचे प्रोजेक्टरवालेही चित्रणापेक्षा जास्त वेगाने रीळ पळवत. त्यामुळे ‘खरा वेग’ म्हणून एकच आकडा मागू नका.

घरी तपासायचं तर फ्रेम-फ्रेम पुढे सरका. दर तिसरी फ्रेम आधीचीच निघाली, तर १६ चे २४ आधीच करून ठेवलेत. आणखी उतरवलंत तर चित्र रेंगाळेल. प्रत्येक फ्रेम वेगळी असेल आणि हालचाल पळत असेल, तर प्लेअर ७५ टक्क्यांवर ठेवा, म्हणजे १८. चालण्यावरून ठरवू नका, नट फसवतो. पडणारी वस्तू, धूर, कापडाची सळसळ बघा.

कोल्हापूरच्या ‘सावकारी पाश’चं (१९२५) काय, हेही विचारता. बाबूराव पेंटरांचा तो मूकपट आज उपलब्धच नाही. वेग कशाचा लावायचा?

आणि छपरांवरून ट्रकमागे धावणारा चॅप्लिन? ती घाई बापाची की विदूषकाची, यावर माझं मत दर खेपेला बदलतं.