बारा मिनिटांची सर

"आवाज वाढव जरा," गवार मोडता मोडता आई म्हणाली. वाढवणार काय? मूकपट होता. योरिस इव्हेन्स आणि मानुस फ्रांकन यांनी १९२९ मध्ये केलेला 'रेखन'. डच भाषेत रेखन म्हणजे पाऊस.

अ‍ॅमस्टरडॅमवर आभाळ भरून येतं. कालव्याच्या पाण्यावर थेंब पडू लागतात. एक माणूस हात पुढे करून अंदाज घेतो, कॉलर वर करतो. छत्र्या उघडतात, ट्रामच्या काचेवरून पाणी ओघळतं, आणि सर ओसरते. साधारण १२ मिनिटांत खेळ खलास. नायक नाही, भानगड नाही.

असल्या फिल्म्स मी आईला सहसा दाखवत नाही. नुसता गरगरणारा पंखा दहा मिनिटं दाखवून त्याला 'वातावरण' म्हणणाऱ्यांना मीच वैतागते, तिथे तिचं काय! पण इथे गवार ताटात तशीच राहिली. कुणीतरी खिडकी लावून घेतली तेव्हा ती म्हणाली, "इतका वेळ काय करत होती ही?" ही कोण, देव जाणे. आईला मात्र त्या खिडकीमागे एक वेंधळी बाई स्पष्ट दिसत होती.

गंमत म्हणजे ही सर एका दिवसाची नाहीच. इव्हेन्स कित्येक महिने कॅमेरा जवळ बाळगून होता; पाऊस लागला की मित्र त्याला फोन करून कळवायचे, मग हा रेनकोट-गमबूट चढवून बाहेर. (जुलैतल्या मुंबईत फोनची गरज नव्हती, पण कॅमेरा वाहून गेला असता.) असे तुकडे जमवून त्याने एक सर शिवली, आणि शिवण कुठे दिसत नाही. आभाळ आधी, थेंब मग, खिडकी त्यानंतर. आई त्या बाईवर चिडली ती त्यामुळेच. ढग येताना तिने स्वतः पाहिले होते ना!

पुढे १९४१ मध्ये हान्स आयस्लर या संगीतकाराने या फिल्मसाठी 'पावसाचं वर्णन करण्याच्या चौदा तऱ्हा' रचल्या. हे ऐकून आईने बोटं मोजायला घेतली. भुरभुर, रिमझिम, रिपरिप, शिरवं, वळीव, झड, मुसळधार... सातावर अडली. लगेच मावशीला फोन लावला.

मावशीने उचलल्या उचलल्या विचारलं, "पडतोय का गं तिकडे?"